टेपवाल्या काकांना विचारा : निंजाची कॅसेट

प्रश्न : काका, आमच्या जुन्या घराच्या माळ्यावर थोरल्या चुलत्यांचा छोटा काळा कॉम्प्युटर सापडला. रबरी बटणं, कोपऱ्यात रंगीत पट्टे, वर ‘झेडएक्स स्पेक्ट्रम’ लिहिलंय. सोबत ‘सॅबोटर’ नावाची कॅसेट आहे, अडॅप्टर मात्र नाही. घरातला दुसरा लावला तर चालेल काय? आणि कॅसेटमधून गेम निघतो तरी कसा? (एक वाचक, निपाणी)

उत्तर : लावला नाहीस ना अजून? मग हात तिथंच थांबव. स्पेक्ट्रमला 9 व्होल्ट डीसी लागतं, पण पिन उलटी. आतल्या भोकात ऋण आणि बाहेरच्या अंगाला धन. आपल्या घरात पडलेले अडॅप्टर बहुतेक याच्या उलट असतात. तसला लावलास की आत काहीतरी जळालंच म्हणून समज. मल्टिमीटर असलेल्या कुणाकडूनही पिन तपासून घे. दीड अँपियरच्या आसपास देणारा बघ, बारका चार्जर नको. आणि उघडून बघायचा मोह झालाच, तर वरचं झाकण एकदम ओढू नकोस. की-बोर्डाच्या प्लॅस्टिकच्या दोन पट्ट्या खालच्या बोर्डात खोचलेल्या असतात. इतक्या वर्षांत त्या पापडासारख्या झालेल्या असतात.

आता टीव्ही. हे यंत्र यूएचएफच्या, म्हणजे टीव्हीच्या वरच्या लहरींच्या पट्ट्यातल्या, 36 नंबर चॅनलवर चित्र टाकतं. हे मला कसं कळलं ते ऐक. 1987 साली शहापुरात माझं टेप दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान म्हणजे एक टेबल, एक स्टूल आणि कथिलाचा वास. गल्लीतल्या एका मास्तरांच्या मेहुण्यानं मस्कतहून हे यंत्र आणून दिलं. आम्ही जोडलं तर पडद्यावर नुसत्या मुंग्या. दोन संध्याकाळी अख्ख्या गल्लीनं मुंग्या बघितल्या. तिसऱ्या दिवशी लक्षात आलं, मास्तरांच्या टीव्हीला यूएचएफचं बटणच नाही! मग नव्या टीव्हीवाल्या शेजाऱ्यांच्या हातापाया पडलो. तुझ्या टीव्हीला अँटेनाची जागा असेल तर मॅन्युअल ट्यूनिंगमध्ये जाऊन अॅनालॉगवर शोध, सापडेल.

कॅसेटचं म्हणशील तर मला खरं बोलावणं आलं ते टेपरेकॉर्डरसाठीच. कॉम्प्युटरमधलं मला काय कळत होतं! टेपच्या इअरफोनच्या भोकातून वायर काढायची आणि यंत्राच्या ‘इअर’ लिहिलेल्या भोकात घालायची. ‘जे’ दाबलं की ‘लोड’ हा शब्द आख्खाच उमटतो. मग सिम्बॉल शिफ्ट धरून ‘पी’ दोनदा, आणि एंटर. टेप सुरू कर. आवाज पाऊण, ट्रेबल पूर्ण. आधी लांब शिट्टी येते आणि पडद्याच्या कडेला लाल-आकाशी जाड पट्टे सरकतात. मग डंकावर तिखट कुटताना होतो तसला कर्कश आवाज सुरू होतो, आणि पट्टे बारीक, निळे-पिवळे होतात. तोच गेम. 48 केचा (के म्हणजे मेमरीचं माप) गेम यायला चार-पाच मिनिटं लागतात, आणि आमच्याकडं वीज नेमकी चौथ्या मिनिटाला जायची.

‘आर टेप लोडिंग एरर’ असं आलं तर कॅसेटला शिव्या घालायच्या आधी टेपरेकॉर्डर बघ. जुना बेल्ट डांबरासारखा चिकट होऊन बसलेला असेल, तर आधी तो बदल. हेड आणि रबरी चाक स्पिरिटनं पूस. आणि मग हेडशेजारचा तो बारका स्क्रू, ज्याच्याखाली स्प्रिंग असते. प्रत्येक टेपचं हेड एका बाजूला केसभर कललेलं असतं. गाण्याला त्यानं काही फरक पडत नाही, नुसता आवाज थोडा बसका वाटतो. पण कॉम्प्युटरला बसका आवाज चालत नाही. कॅसेट चालू ठेव, कान स्पीकरला लाव, बारका स्क्रू-ड्रायव्हर घे आणि अगदी हळू फिरव. घुमा आवाज हळूहळू उघडत जातो. जिथं तो सगळ्यात कडक, कानात टोचणारा होईल, तिथं थांब. एक पाव फेरा खूप झाला. मास्तरांच्या टेपवर मी हे केलं तेव्हा गेम पहिल्या झटक्यात उतरला आणि मास्तरांनी मला घरात बोलावून कुंदा दिला. पण पुढच्या रविवारी त्याच टेपवर त्यांच्या पत्नीला भजनं घुमी ऐकू यायला लागली, त्याचा दोषही मलाच.

कॅसेटची दुसरी बाजू मोकळी दिसली तरी ऐकल्याशिवाय पुसू नकोस. आमच्याकडं नकलेच्या कॅसेटच्या मागच्या बाजूला गणपतीची आरती होती. एकदा चुकून तीच लागली. टाळ वाजले तसे कडेचे पट्टे नाचायला लागले, पण गेम काही येईना. पोरं म्हणाली, काका, कॉम्प्युटर आरती म्हणतोय.

प्रश्न : लहानपणी बेळगावात पाहुण्यांकडं ‘सॅबोटर’ खेळलो होतो. आता मोबाइलवर एम्युलेटरमध्ये (जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या अॅपमध्ये) खेळतो, पण दर वेळी कुत्रा तरी मारतो किंवा वेळ तरी संपते. मुलगा हसतो. काही युक्ती? (एक वाचक, खानापूर)

उत्तर : अहो, तुम्ही हाणामारी करायला जाताय, तिथंच चुकतंय. आमच्या गल्लीतली पोरं या गेमला ‘साबुतर’ म्हणायची आणि त्यांचंही हेच व्हायचं.

गेम 1985 चा. इंग्लंडात टाँटन नावाच्या गावी ड्युरेल नावाची कंपनी होती, तिथं क्लाइव्ह टाउनसेंड नावाच्या तरुण पोरानं तो लिहिला. रात्री रबरी होडीतून निंजा, म्हणजे काळ्या कपड्यातला जपानी हेर, धक्क्याला लागतो. समोर दिसायला गोदाम, आत पहाऱ्याची इमारत. आतली डिस्क शोधायची, आणि छपरावरच्या हेलिकॉप्टरमधून निघून जायचं. बस. चोरी करायला गेलेला माणूस भांडत बसतो काय?

पडद्याच्या खालच्या पट्टीत दोन चौकोन आहेत, जवळ काय पडलंय आणि हातात काय आहे. हातात एकच वस्तू मावते. पायाशी वीट दिसली म्हणून उचलाल, तर हातातला टोकदार तारा, म्हणजे निंजाचं फेकायचं हत्यार, तिथंच राहील. तो तारा पहाऱ्याच्या माणसासाठी राखून ठेवा, लांबून फेकला की काम झालं. कुत्रा आला की त्याच्याशी लढायचं नाही, उडी मारून पलीकडं जायचं. आणि एक गोष्ट पोरांना शेवटपर्यंत पटली नाही. मार बसला की शिडीजवळ एखाद्या रिकाम्या खोलीत गप्प उभं राहायचं. नुसतं उभं राहिलात की ताकद परत भरते. वेळ जातो ना काका, म्हणायची. जाऊ दे की! मेल्यावर तर सगळाच जातो.

निंजा काळाच का, हेही मला यंत्र उघडल्यावर समजलं. स्पेक्ट्रमचा पडदा 256 बाय 192 ठिपक्यांचा, पण रंग ठिपक्याला नसतो. आठ बाय आठच्या चौकोनाला मिळून दोनच रंग, त्यात तिसरा बसत नाही. म्हणून दुसऱ्या गेममध्ये लाल माणूस निळ्या भिंतीसमोर गेला की भिंतच लाल होते. काळ्या माणसाचं तसलं काही होत नाही. भिंतीचा रंग भिंतीला राहतो आणि त्याच्यापुढं हा चालतो. त्या टाउनसेंड पोरानं कमी रंगाच्या यंत्रातून पळवाट बरोबर काढली होती. आम्ही हे सगळं काळ्या-पांढऱ्या पडद्यावर बघितलं, त्यामुळं त्या भिंती निळ्या की पिवळ्या हे मला वीस वर्षांनी भाच्याच्या लॅपटॉपवर कळलं.

1987 मध्ये दुसरा भागही आला, त्यात निंजा बाई आहे आणि ती हँग ग्लायडरनं उतरते. पहिला भाग जमेपर्यंत तो लावू नका.

प्रश्न : ‘लास्ट निंजा’ आणि हा गेम एकच काय? (एक वाचक, चिकोडी)

उत्तर : नाही. तो 1987 चा, सिस्टम थ्री कंपनीचा, आणि मुळात कमोडोर 64 या त्या काळातल्या दुसऱ्या घरगुती कॉम्प्युटरसाठी. त्यात आर्माकुनी नावाचा निंजा कुनितोकी नावाच्या शोगुनचा (जपानी लष्करी सत्ताधीशाचा) सूड घ्यायला लिन फेन बेटावर येतो. चित्र बाजूनं नाही, वरून तिरपं दिसतं. दिसायला देखणा, आणि बेन डॅग्लिश व अँथनी लीस यांचं संगीत तर असं, की गेम नुसता चालू ठेवून ऐकावा. कमोडोरची आवाजाची चिप तीन सुरांत वाजते, स्पेक्ट्रमकडं नुसता एक बझर. तरी खेळायला सॅबोटर बरा. लास्ट निंजात दलदलीतल्या दगडांवरून उड्या मारताना एक पाऊल चुकलं की गेला, आणि तिरप्या चित्रात नेम कुठला धरायचा ते शेवटपर्यंत कळत नाही. मी त्या दलदलीच्या पलीकडं दोनदाच गेलोय.