वाचक विचारतात: देव परगट व्हायचा कसा?

प्रश्न (देगलूर): लहानपणी माळेगावच्या जत्रेत तंबू टॉकीजमधी देवाधर्माचे पिक्चर बघायचो. देव फट्कन परगट व्हायचा न गायब बी व्हायचा. तवा कम्प्युटर कुठं होता, मग हे करायचे कसं?

उत्तर: कॅमेरा बंद करून, बस्स! म्हणजे शूटिंग चालू असताना थांबा म्हणायचं, सगळ्यांनी आहे त्या पोझमधी पुतळ्यावानी उभं ऱ्हायचं, देव झालेला नट येऊन मधी उभा राहिला की कॅमेरा परत चालू, न आपल्याला वाटतं आत्ताच वैकुंठातून उतरला. कोणी जरा हललं की धक्का बसतो, नीट बघा, एखाद्या भक्ताचा हात एकदम जागा बदलतो. फाळक्यांनी १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी वाटाण्याचं रोप उगवतानाची छोटी फिल्म केली होती, थोडं थोडं शूट करून, न तीच दाखवून पैसा उभा केला. त्याच खटपटीतून पुढं देव आले. एकाच नटाचे दोन रूपं पाहिजे असतील तर लेन्सचा अर्धा भाग काळ्या पुठ्ठ्यानं झाकायचा, मग रीळ मागं गुंडाळून उरलेला अर्धा शूट करायचा. जोडाची रेघ लपवायला मधी खांब नायतर दाराची चौकट.

प्रश्न (गंगाखेड): आपल्या पिक्चरमधी देव खाली आला की दळण-पाणीच का करतो?

उत्तर: जनाबाईच्या गावचे तुम्ही, न तुम्हीच विचारायलेत! तिच्यासंगं दळलं, पैठणला नाथांच्या घरी श्रीखंड्या होऊन पाणी भरलं, सिनेमावाल्यांनी हे कीर्तनातूनच उचललं. प्रभातच्या 'संत सखू'त (१९४१, हंसा वाडकर) विठ्ठल सखूचं रूप घेऊन तिच्या सासरी राबतो. देवालाच सासुरवास, बायकांनी गर्दी केली नसंल तर नवलच. तेलुगूवाल्यांना मात्र देवलोकाची फजिती करायची भारी हौस. १९९० च्या 'जगदेक वीरुडु अतिलोक सुंदरी'त श्रीदेवी इंद्राची पोरगी, अंगठी हरवली म्हणून वापसच जाता येत नाही.

प्रश्न (बिलोली): नातवाला यातला कोणता दाखवू?

उत्तर: 'मायाबाजार', १९५७ चा. तुमच्याकडं तेलुगू कळतंच. एस. व्ही. रंगारावचा घटोत्कच लग्नाच्या जेवणावर तुटून पडतो तिथं पोरगं हसतंय का बघा. रंगीत केलेला २०१० मधी आला, पण काळा-पांढराच लावा, मार्कस बार्टलीचा कॅमेरा त्यातच खुलतो.