जुन्या धाटणीचं चित्र लगेच भावतं, आधुनिक चित्र मात्र परकं का वाटतं?

डोळ्याला सवय कसली लागली आहे, त्यावर आहे सगळं. आमच्या कुडाळच्या घरात देवघराशेजारी रविवर्मा छापाची लक्ष्मी होती. दमट हवेनं कडा पिवळ्या पडलेल्या, काचेआड एक झुरळही अडकलेलं. लहानपणापासून तेच बघितलं की छाया-प्रकाश आणि गोलाई म्हणजेच ‘खरं चित्र’ असं मनात बसतं. मग कॅनव्हासवर नुसता सपाट रंग दिसला की “ह्यां काय?” असं तोंडातून निघतंच.

गंमत म्हणजे ती ‘आपली जुनी’ शैली १८९४ साली रविवर्म्यांचा छापखाना निघाला तेव्हा अगदी नवी होती. तंत्र युरोपातलं, यंत्रं जर्मन. त्याहून जुनं बघायचं तर कुडाळजवळच्या पिंगुळीत जा. तिथल्या ठाकरांच्या चित्रकथीत, म्हणजे चित्रं दाखवत गोष्ट सांगायच्या कलेत, खोलीचा भास नाही, चेहरा एका बाजूनं, डोळा मोठा, रंग सपाट.

किंवा सावंतवाडीची गंजिफा हातात घ्या. दशावताराचे १२० गोल पत्ते. राजा आणि प्रधानाच्या पत्त्यांवर आकृत्या, बाकीच्यांवर फक्त खुणा: मत्स्याच्या पत्त्यांवर मासे, परशुरामाच्या पत्त्यांवर परशू. देवाच्या जागी नुसती खूण, ती मोजायची आणि डाव खेळायचा. अमूर्त म्हणतात ते याहून फार लांब नाही, असं मला तरी वाटतं. मी गंजिफा आधी पाहिली आणि अमूर्त चित्रं काढणारे गायतोंडे नंतर, म्हणून असेल, पण त्यांच्या चित्रापुढे मी बिचकलो नाही.

पिवळ्या कडांची भुरळ मात्र वेगळी. हल्ली काही होमस्टेवाले नवेकोरे छाप चहाच्या पाण्यात बुडवून भिंतीवर लावतात. तिथे आपल्याला चित्र नाही, आजोळ आवडलेलं असतं.