रुटगर हाउअर मुळात नाटकवाला का?

प्रश्न : परवा ‘ब्लेड रनर’ पाहिला आणि हिरोपेक्षा तो पांढऱ्या केसांचा व्हिलनच डोक्यात बसला. शोधलं तर कळलं हा रुटगर हाउअर, नेदरलँड्सचा. हॉलिवूडच्या आधी तो तिकडे काय करायचा? नाटकं वगैरे केली होती का?

उत्तर : केली होती की, घरातच नाटक होतं त्याच्या. जन्म 1944चा, आईवडील दोघंही ॲक्टिंग शिकवायचे, ॲमस्टरडॅमला त्यांची शाळाच होती. पण पोरगं 15व्या वर्षी घरातून सटकलं आणि मालवाहू जहाजावर कामाला लागलं, तिथेच रमलंही असतं, पण डोळ्यांना रंग नीट ओळखता येत नव्हते म्हणून बोटीवर मोठं होण्याचा रस्ता बंद. मग परत ॲमस्टरडॅम, पडेल ती कामं, शेवटी ड्रामा स्कूल आणि तिथून देशाच्या उत्तरेकडच्या एका प्रायोगिक नाटक मंडळीत काही वर्षं.

1969मध्ये दिग्दर्शक पॉल व्हरहोवनने त्याला ‘फ्लोरिस’ या टीव्ही मालिकेत घेतलं, मध्ययुगीन सरदार, हातात तलवार, आणि डच घराघरांत हा माहीत झाला. पुढे 1973चा ‘टर्किश डिलाइट’, त्या सिनेमाला ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं आणि थेटरात 30 लाखांहून जास्त लोकांनी तो पाहिला, आता देशच दीड कोटीच्या आतला तेव्हा, म्हणजे तुम्हीच बघा!

तुम्ही म्हणताय त्या व्हिलनचं बघायचं तर शेवटचा पावसातला सीन परत लावा. स्क्रिप्टमध्ये ते भाषण बरंच लांब होतं, हाउअरने स्वतः कात्री चालवली, मोजकी वाक्यं ठेवली आणि अश्रू पावसात मिसळून जातात ते वाक्य पदरचं घातलं. मरणारा माणूस किती बोलेल हे ज्याला कळतं तो नाटकवालाच, असं आपलं माझं मत. नुसता देखणा चेहरा असता तर दिलेलं पाठ करून मोकळा झाला असता.

आणखी एक. ‘ब्लेड रनर’च्याच वर्षी, 1982मध्ये, त्याने टीव्हीवर हिटलरचा मंत्री आल्बर्ट श्पेअर केला आणि 1987मध्ये सोबिबोर छळछावणीतून कैद्यांना बाहेर काढणारा ज्यू सोव्हिएत अधिकारी पेचेर्स्की, यासाठी गोल्डन ग्लोबही मिळालं. दोन्ही टोकं एकाच माणसाने केली. नंतर पोटापाण्यासाठी फालतू सिनेमेही भरपूर केले, ते सोडा.

व्हरहोवनशी मात्र 1985च्या ‘फ्लेश अँड ब्लड’च्या वेळी फाटलं, नंतर दोघांनी एकत्र सिनेमा केलाच नाही. हाउअर 2019च्या जुलैमध्ये गेला. सुरुवात करायची तर 1977चा ‘सोल्जर ऑफ ऑरेंज’ बघा, जर्मनांच्या ताब्यातल्या हॉलंडमधले विद्यार्थी, सोबत येरून क्राबे, तोही नाटकातलाच. सबटायटल्स लावून बघा पण डबिंग नको, त्याचा मूळ डच आवाज ऐकायलाच हवा.