कंपनी बुडाली, आता इन्व्हर्टरचं काय?

प्रश्न: २०१८ ला गच्चीवर ३ किलोवॅटचं सोलर बसवलं, बॅटरी नाही, नेट मीटरवालं. इन्व्हर्टरची कंपनीच बंद पडली, कस्टमर केअरचा फोन लागत नाही आणि आता ॲपमध्ये लॉगिनपण होईना. बसवून देणारा म्हणतो पॅनलसकट सगळं नवीन घ्या. खरंच घ्यावं लागेल का? (एक वाचक, सांगली)

उत्तर: अहो थांबा, एवढ्यात खिशात हात घालू नका! ॲपवरचे आकडे कंपनीच्या सर्व्हरवरून यायचे, तो बंद झाला, पण वीज तर तुमच्या गच्चीवरच तयार होतेय ना. इन्व्हर्टरच्या स्क्रीनवर ‘ई-टुडे’, म्हणजे आज तयार झालेले युनिट, बघा, स्वच्छ ऊन असेल तर किलोवॅटमागे साधारण ४ युनिट, म्हणजे तुमचे दिवसाला १२ च्या आसपास आले की काही बिघडलेलं नाही. रोज संध्याकाळी वहीत लिहिलं तरी चालतं, मी स्वतः तेच करतो.

हौस असेल तर मशिनच्या खाली आरएस-४८५ चं (डेटाची वायर जोडायचं) पोर्ट आहे का बघा, त्यावर मॉडबस (मशिनमधले आकडे वाचायची ठरलेली भाषा) चालत असेल तर घरच्या कॉम्प्युटरवर आकडे घेता येतात. ब्रिटनमधली एनेकसिस ही मायक्रोइन्व्हर्टर (पॅनलमागे बसणारे छोटे इन्व्हर्टर) कंपनी २०१५ मध्ये बुडाली तेव्हा हौशी लोकांनी गेटवेतून (इन्व्हर्टरचे आकडे इंटरनेटवर पाठवणाऱ्या डबीतून) बाहेर जाणारा डेटा असाच घरी वळवून घेतला होता. मॉडबससाठी मशिनचं मॅन्युअल लागतं, ते नेटवर कुठे सापडत असेल तर आजच उतरवून ठेवा, कंपनीची साईटपण गायब होते हो. आणि मेनूमधल्या सगळ्या सेटिंगचे आणि नेमप्लेटचे फोटो काढून ठेवा.

उद्या मशिन बंदच पडलं तर आधी बोर्ड रिपेअर करणाऱ्याला दाखवा, बरेचदा फॅन, रिले नाहीतर कपॅसिटरच गेलेला असतो. स्वतः मात्र उघडू नका, घरातला एमसीबी पाडला तरी उन्हात पॅनलकडून करंट येतच असतो, ३३० वॅटची नऊ पॅनल सिरीजमध्ये असतील तर ४०० व्होल्टच्या आसपास, आणि डीसी आयसोलेटर (पॅनलकडून येणारी लाईन तोडायचा स्विच) बंद केला तरी आतले कपॅसिटर काही मिनिटं चार्ज राहतात.

नाहीच झालं रिपेअर तर फक्त इन्व्हर्टर बदला. पॅनलची वीजनिर्मितीची वॉरंटी बहुतेक २५ वर्षांची असते, ती कशाला काढायची? नवीन मशिनची डीसी व्होल्टेजची मर्यादा आणि एमपीपीटी रेंज (ज्या व्होल्टेजमध्ये मशिन पॅनलकडून जास्तीत जास्त वीज घेऊ शकतं ती) तुमच्या पॅनलशी जुळते का एवढं आधी तपासून घ्या, आणि बसवायच्या आधी महावितरणला लेखी कळवा, त्यांच्या रेकॉर्डला जुनंच मॉडेल आहे.