लाइट गेली की कॅमेरा आंधळा

प्रश्न : आम्ही दोघंही शिक्षक. दिवसभर घरात शेरू (लॅब्राडॉर) आणि मनी एकटेच. उन्हाळ्यात लाइट गेली की कॅमेराही बंद पडतो, मग शाळेत जीव टांगणीला लागतो. मोबाइलवरून एसी लावता येईल, आग-गॅस कळेल असा स्मार्ट सेट दुकानदार सुचवतोय. घ्यावा का?
– एक वाचक भगिनी, औसा रोड, लातूर

उत्तर : ताई, सेट राहू द्या. मी वायरिंगवाला माणूस, आधी तारा बघणार. तुमचा राउटर बहुतेक हॉलच्या साध्या सॉकेटवर असेल. राउटर, फायबरचा पांढरा डबा आणि कॅमेरा, तिन्ही इन्व्हर्टरच्या लाइनवर घ्या. इन्व्हर्टर नसेल तर राउटरसाठी छोटा यूपीएस मिळतो. अडॅप्टरवरचे व्होल्ट बघूनच घ्या. मग घरातला मेन स्विच पाडा, वायफाय सोडून मोबाइलच्या डेटावर कॅमेरा उघडा. दिसलं तर पुढचं बोलू.

एसीचं सांगतो. घरगुती इन्व्हर्टर तो ओढत नाही. आणि मोबाइलवरून रिमोटचं काम करणारी ती डबी फक्त सिग्नल सोडते. एसी लागला की नाही, हे तिला कळत नाही. अॅपवर मात्र ‘चालू’ दिसतं! म्हणून तापमान सांगणारा वेगळा सेन्सर शेरू बसतो त्या उंचीवर लावा, ३२ अंशांना अॅलर्ट ठेवा. कुत्र्याला आपल्यासारखा अंगभर घाम येत नाही, तो धापा टाकून गार होतो. त्यामुळे नुसता पंखा त्याच्या फारसा कामी येत नाही. इन्व्हर्टरवर चालणारा कूलर बरा, पण खिडकी किलकिली हवी. बंद खोलीत दमट हवा साचली की धापा टाकूनही उपयोग होत नाही. खिडकीला जाळी लावा, मनीसाठी.

गॅसचा सेन्सर जमिनीपासून फूटभर उंचीवर. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड, खालीच साचतो, नेमका शेरूच्या नाकाशी. त्याचा अॅलर्ट आला तर मोबाइलवरून काहीही चालू-बंद करू नका. स्मार्ट प्लगमध्येही ठिणगी पडू शकते. निघताना रेग्युलेटर बंद केला तर ही वेळच येत नाही म्हणा. धुराचा सेन्सर मात्र छताला, आणि मोबाइलवर कळवणाराच. रिकाम्या घरात नुसता भोंगा कोण ऐकणार?

आता खरी गोष्ट. अॅलर्ट आला, तुम्ही वर्गात. दार कोण उघडणार? शेजारच्या काकूंकडे चावी द्या, नाहीतर बॅटरीवरच्या स्मार्ट लॉकचा कोड. पण शेरू त्यांना ओळखतो का? अनोळखी माणूस घाईत आत शिरला तर कुत्रा अंगावर जाईल किंवा रस्त्यावर पळेल. महिनाभर काकूंच्या हातून त्याला भाकरी खाऊ घाला, तुम्ही घरात नसतानाही. पट्टा दाराजवळच्या खिळ्याला अडकवून ठेवा, मनीची पेटीही तिथेच. मनी घाबरली की पलंगाखाली शिरणार, हे काकूंना आधीच सांगून ठेवा.

शेरू लाळ गाळत लडखडला तर अंगावर साधं पाणी ओतायचं, वारा घालायचा आणि लगेच डॉक्टर गाठायचा. बर्फात बुडवायचं नाही. जवळच्या दवाखान्याचा नंबर काकूंच्या मोबाइलमध्ये आजच टाका. १९६२ हा फिरत्या पशुवैद्यकीय पथकाचा टोल फ्री क्रमांक आहे, पण त्याचा भर गाई-म्हशींवर, तेव्हा त्याच्याच भरवशावर राहू नका.

आणि हो, वर्गात तुमचा मोबाइल सायलेंटच असणार. अॅलर्ट सरांच्या आणि काकूंच्याही मोबाइलवर जाऊ द्या.