प्रश्नोत्तरे: दहाचे घात, बेरीज आणि मुळं

यावेळी आलेले प्रश्न बहुतेक दहाच्या घातांचेच आहेत, परीक्षा जवळ आली की असंच होतं, तर घेऊया एकेक.

प्र. पृथ्वीचं वस्तुमान ५.९७ × १०^२४ किलो आणि चंद्राचं ७.३५ × १०^२२. बेरीज मी १३.३२ × १०^४६ लिहिली, सरांनी भोपळा दिला. का?

उ. अरे, घातांची बेरीज गुणाकारात करतात. ५ लाख आणि ३ हजार मिळून ८ लाख होतात का? आधी दोन्ही एकाच घातावर आण. घात २ ने वाढवायचा तर दशांश चिन्ह २ घरं डावीकडे सरकवायचं, म्हणजे चंद्र झाला ०.०७३५ × १०^२४. आता नुसते आकडे मिळव, ६.०४३५, आणि पृथ्वीचा आकडा दोनच दशांश स्थळांपर्यंत दिलाय म्हणून उत्तर ६.०४ × १०^२४ किलो. आणि उत्तर आल्यावर एकदा त्याच्याकडे बघायचं तरी, सूर्याचं वस्तुमानच साधारण २ × १०^३० किलो आहे, तुझी पृथ्वी चंद्राला घेऊन त्याच्याही कितीतरी पुढे गेली!

प्र. सूर्य १.९८९ × १०^३० किलो, त्यात पृथ्वी मिळवली तरी उत्तर तेच येतं. असं कसं?

उ. बरोबर आहे. १०^३० वर आणलं की पृथ्वी होते ०.००००५९७ च्याही दहाव्या हिश्शाएवढी, तीन दशांशांत ती दिसणार कुठून.

प्र. मुक्तिवेगाच्या (पृथ्वीच्या ओढीतून सुटायला लागणाऱ्या वेगाच्या) गणितात वर्गमुळाखाली १२.५ × १०^७ आलं. ७ चं अर्धं साडेतीन, म्हणून घात ३ धरला, तर उत्तर सेकंदाला साडेतीन किलोमीटर. पुस्तकात ११.२ आहे.

उ. ही चूक दरवर्षी अर्धा वर्ग करतो. वर्गमूळ काढायच्या आधी घात सम करून घ्यायचा, १.२५ × १०^८ कर, मग १.२५ चं मूळ १.११८ आणि घात निम्मा ४, म्हणजे १.११८ × १०^४ मीटर प्रति सेकंद, झाले की ११.२ किलोमीटर. १२५ × १०^६ केलंस तरी तेच. आणि खरं सांगू का, साडेतीन घातसुद्धा चूक नव्हता, तू वरचा अर्धा फेकून दिलास ती चूक. १०^०.५ म्हणजे ३.१६, त्याने तुझ्या ३.५४ ला गुणून बघ.

प्र. घात ऋण असला की मी गडबडते. ०.०१ मोलर ॲसेटिक ॲसिडसाठी १.८ × १०^−७ चं वर्गमूळ हवंय, लॉग टेबल वापरून.

उ. तसंच करायचं, फक्त दिशा सांभाळ: आकडा दहापट झाला की घात एकने खाली जातो, −७ चा −८ होतो, −६ नाही. म्हणजे १८ × १०^−८, मूळ ४.२४ × १०^−४, ही झाली हायड्रोजन आयनांची संहती, आणि तिच्यावरून आम्लता सांगणारा आकडा, पीएच, साधारण ३.३७. लॉग टेबलातही हेच लपलंय बघ, १.८ × १०^−७ चा लॉग बार ७.२५५३ (बार म्हणजे फक्त पूर्णांक ऋण, −७ + ०.२५५३), त्याला २ ने भागताना आपण त्याचं बार ८ अधिक १.२५५३ करतो, मग येतं बार ४.६२७६. पोरं ही पायरी पाठ करतात, ती कशासाठी आहे ते कुणी विचारत नाही.

प्र. आणि घनमूळ?

उ. घात ३ ने भाग जाईल असा करा. भूस्थिर उपग्रहाच्या (पृथ्वीवरून एकाच जागी दिसणाऱ्या) कक्षेच्या त्रिज्येचा घन येतो ७.५० × १०^२२, तो ७५.० × १०^२१ असा लिहिला की घनमूळ ४.२२ × १०^७ मीटर. यातून पृथ्वीची त्रिज्या, ६,३७० किलोमीटर, वजा केली की उंची जवळपास ३५,८०० किलोमीटर, टीव्हीचे उपग्रह तिथेच असतात.

प्र. कॅल्क्युलेटरवर माझी सगळी उत्तरं दहापट येतात.

उ. ईएक्सपीच्या (EXP, दहाचा घात भरायच्या) बटणाआधी गुणिले १० दाबताय तुम्ही. त्या बटणात १० आधीच आहे, ५.९७, ईएक्सपी, २४, बास.