गोठलेला समुद्र लिहायला घेताना

तुम्ही पाठवलेल्या कथेच्या कल्पित जगातला मंतरलेला, गोठलेला समुद्र वाचला. कल्पना दमदार आहे, तेव्हा बिचकू नका. मात्र मिरामारच्या वाळूत वाढलेले आपण गोवेकर बर्फ म्हणजे फ्रीजमधला कडक तुकडा समजतो, आणि पहिली चूक तिथेच होते. समुद्राचे पाणी साधारण उणे १.८ अंश सेल्सिअसला गोठते, गोठताना बरेचसे मीठ बाहेर टाकते, आणि त्याचा नवा, पातळ थर काचेसारखा तडकण्याऐवजी लाटेबरोबर लवतो. पायाखाली हलणारी ही करडी साय कोणत्याही राक्षसापेक्षा अधिक भीती घालते.

जादूचा सुरुवातीला एकच नियम ठेवा. उदाहरणार्थ, बर्फावर उच्चारलेले नाव खालचे पाणी ऐकते. आणि त्याची किंमत पहिल्याच प्रसंगात कोणाला तरी मोजायला लावा. नकाशे व राजवंश सध्या बाजूला ठेवा (माझे अख्खे वर्ष त्यांतच गेले).

पहिला प्रसंग एकाच माणसाच्या पावलांनी लिहा: तो काठीने बर्फ ठोकतो, आवाज बदलतो, तो थांबतो. भरती-ओहोटीचे वेळापत्रक मात्र एखाद्या रापणकाराकडून (किनाऱ्यावरून मोठे जाळे ओढणाऱ्या मच्छीमाराकडून) समजून घ्या, कारण बर्फाखालीही भरती येते आणि किनाऱ्यालगतच्या भेगा तिच्यामुळेच उघडतात.